विजया मुळे यांचे नाव त्यांच्या चित्रपटासोबत जावे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

‘एक चिड़िया, अनेक चिड़ियाँ’ हे गाणे ठाऊक नाही असा, दूरदर्शन पाहत वाढलेला माणूस विरळाच. मात्र ते ज्या ‘एक अनेक और एकता’ (१९७४) या अॅनिमेशनपटातले आहे, तो विजया मुळे यांचा आहे हे सांगितले की बहुतेकांना आश्चर्य वाटते. मोबाइलवर फिरणाऱ्या प्रतींत श्रेयनामावली अनेकदा छाटलेली असते, याचे मला फार वाईट वाटते.

मुंबईत १९२१ साली जन्मलेल्या विजयाबाई लग्नानंतर पाटण्याला गेल्या, लीड्सला शिक्षणशास्त्र शिकल्या आणि परतल्यावर शिक्षण खात्यातली नोकरी सांभाळून, चांगले चित्रपट सभासदांना दाखवणाऱ्या फिल्म सोसायट्यांच्या चळवळीत रमल्या. १९५९ साली सत्यजित राय यांच्या अध्यक्षतेखाली या सोसायट्यांचा महासंघ उभा राहिला, त्यातही त्यांचा पुढाकार होता. हुगळीत उलट्या प्रवाहाने चढणाऱ्या भरतीच्या लाटेवरचा ‘द टायडल बोअर’ हा पहिला माहितीपट त्यांनी केला, तेव्हा त्यांनी पंचेचाळिशी ओलांडली होती.

त्यांच्यातली शिक्षिका ‘एक अनेक’मध्ये स्पष्ट दिसते. धाकट्याला ‘अनेक’ म्हणजे काय ते कळत नाही. ताई व्याख्या सांगत बसत नाही, सूर्य एक, चंद्र एक, तारे मात्र अनेक, असे दाखवत जाते आणि मग जाळ्यासकट उडून जाणाऱ्या चिमण्यांच्या गोष्टीतून एकीपर्यंत पोहोचते. तीस वर्षे पहिलीचा वर्ग घेतल्यावर मी खात्रीने सांगते की, लहान मुलाला अमूर्त कल्पना शिकवण्याची याहून चांगली रीत नाही. अर्थात, चित्रे भीमसैन यांची, संगीत वसंत देसाई यांचे आणि आवाज तेव्हा बालवयात असलेल्या साधना सरगम यांचा. या सर्वांचीही नावे हवीतच.

पुढे १९७५ साली उपग्रहाद्वारे सहा राज्यांतील २,४०० खेड्यांत दूरचित्रवाणी पोहोचवणारा ‘साइट’ प्रयोग सुरू झाला, तेव्हा त्यासाठी मुलांचे चित्रपट करणाऱ्या शैक्षणिक तंत्रज्ञान केंद्राची धुरा त्यांच्याकडेच होती. २००२ साली त्यांना माहितीपटांसाठीचा व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार मिळाला आणि २०१९ साली त्यांचे निधन झाले.

माहितीपट आणि लघुपट तयार करणाऱ्या सरकारी फिल्म्स डिव्हिजनचा ठेवा आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे. महामंडळाने त्यांचे चित्रपट पूर्ण श्रेयनामावलीसह, स्वच्छ प्रतींत सर्वांसाठी खुले करावेत आणि आपल्या अध्यापक विद्यालयांनी ते भावी शिक्षकांना आवर्जून दाखवावेत, अशी माझी आग्रहाची विनंती आहे.

आपली विश्वासू,
एक निवृत्त प्राथमिक शिक्षिका, सातारा