हॉइकहून पत्र

हॉइक, स्कॉटलंड
जून

ती. आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

मी मजेत आहे. डाळ-तांदूळ मिळतात, तू दिलेली चटणी अजून पुरते आहे.

आई, इथल्या जुन्या सरहद्दीवरच्या माझ्या फिल्मचं चित्रण थंडीत, उघड्यावर कशाला, असं तू विचारलंस. १५५२ साली इंग्लंड-स्कॉटलंडने सरहद्दीवरची वादाची जमीन फ्रेंच राजदूताच्या मध्यस्थीने वाटून घेतली आणि दोन चर खणून मधे मातीचा बांध घातला, स्कॉट्स डाइक. आता तो इतका झिजलाय की भर उन्हाळ्यात कॅमेऱ्याला सपाट जमीनच दिसते. डिसेंबरात सूर्य दिवसभर खाली असतो, सावल्या लांब पडतात, तेव्हा कुठे उंचवटा उमटतो. उजेड जेमतेम सात तास. बॅटऱ्या गारठ्याने उतरतात, त्या कोटाच्या आत अंगाशी ठेवायच्या. गार कॅमेरा उबदार खोलीत तसाच आणला तर लेन्सवर बाष्प धरतं, म्हणून बाहेरच पिशवीत बंद करायचा आणि आत तासाभराने उघडायचा. मी सगळं नीट सांभाळतो.

इथली एक गोष्ट मात्र नीट सांगायलाच हवी. दर जूनला गावकरी घोड्यांवरून गावच्या सामाईक कुरणाची हद्द फिरतात. पूर्वी शेजाऱ्याने बांध कोरला का, हे बघायला जायचे. आता कोरणारा कुणी नाही, तरी जातात. पुढे एक अविवाहित तरुण झेंडा घेऊन. हद्दीवर तो गवताची ढेप कापतो, खूण म्हणून. झेंडा १५१४ साली इंग्रजांकडून हिसकावलेल्या निशाणाच्या आठवणीचा. आपल्या दसरा चौकातल्या सीमोल्लंघनासारखाच मान, गर्दी, पागोट्यांऐवजी टोप्या.

बाबा, "दुसऱ्यांचे बांध शोधून काय मिळणार?" हे तुमचं मनाला लागलं. १९५६ला निपाणी म्हैसूर राज्यात गेली, आत्या पलीकडे, आपण अलीकडे. इथेही आर्मस्ट्राँग, ग्रॅहम ही घराणी रेघेच्या दोन्ही बाजूंना होती. जनावरं चोरीला गेली की सहा दिवसांत पलीकडे शिरून पाठलाग करायचा कायदेशीर हक्क होता, भाल्यावर वाळल्या गवताच्या मुळांची जळती ढेप लावून, उघडपणे. १६०३ला दोन्ही राज्यं एकाच राजाकडे आली आणि तीच माणसं फासावर, देशोधडीला गेली. आपल्या सीमाभागावर फिल्म करायची तर हे काम हाताखालून गेलेलं हवं. ती मी करणार आहे.

पैशांचं. करार झाल्यावर पहिला हप्ता मिळाला, दुसरा रफ कट, म्हणजे फिल्मची कच्ची जुळणी, मंजूर झाल्यावर, शेवटचा फिल्म दिल्यावर. मधल्या काळात जुन्या नकाशांचे हक्क आणि विमा यातच बरेच जातात, म्हणून यंदा कमी पाठवतोय. ताईच्या लग्नाच्या हॉलचा अॅडव्हान्स मात्र मीच भरणार, दादाला भरू देऊ नका.

जानेवारीअखेर चित्रण संपतं. लग्नाचा मुहूर्त फेब्रुवारीनंतरचा निघतो का, गुरुजींना विचारा. डिसेंबरच ठरला असेल तर अक्षतांना पोचेन, हळदीला नाही. ताईला हे मीच सांगतो, तुम्ही सांगू नका.

तुमचा,
बाळू