ओहोटीची वेळ धक्क्यावरच लिहा की!

संपादक साहेब, मागच्या रविवारी गेटवेवरून मांडव्याची बोट पकडली, बोटीमागे सीगल, हातात वडापाव, तासाभरात पलीकडे, तिकिटातच अलिबागपर्यंतची बस, एवढं मस्त जमलं की वाटलं आता अलिबागच्या समुद्रातला कुलाबा किल्ला चालत जाऊन आलो की झाली ट्रिप. पण किनाऱ्यावर बघतो तर भरती! तीन तास नारळपाणी पीत बसलो. शेवटी शेजारच्या कोळीणबाईंनी हिशोब सांगितला, तिथीची पाऊणपट करायची, तेवढ्या वाजता भरती आणि पुढे साधारण सहा तासांनी ओहोटी (शाळेत हे कोणी का नाही शिकवलं?). मग काय, पाणी ओसरल्यावर चप्पल हातात घेऊन निघालो, आंग्र्यांच्या किल्ल्यातलं गणपतीचं देऊळ आणि भर समुद्रात असूनही गोड्या पाण्याची विहीर बघून सगळा वैताग गेला. फक्त परतीची शेवटची बोट गाठताना जाम धावपळ झाली. माझं म्हणणं एवढंच की मुंबईच्या धक्क्यावर तिकीट देतानाच त्या दिवशीच्या भरती-ओहोटीच्या वेळा फळ्यावर खडूने लिहा, खर्च तो काय! आणि पावसाळ्यात गेटवेवरच्या या बोटी बंद असतात, त्यामुळे बेत त्याआधीच करा.

– एक वाचक, डोंबिवली