चि. मुक्तास

चि. मुक्ता,
अनेक आशीर्वाद.

पत्रात झोपेचा विषय काढायचा नाही, असं आईनं मला बजावलंय. तेव्हा काढत नाही. खोली मिळाली का? खिडकी कुठल्या बाजूला आहे? सकाळचं ऊन डोळ्यांवर येत असेल तर जाड पडदा मागून घे. लाजू नकोस. रात्री तीन-चारदा उठवलेल्या माणसाला पहाटे तरी अंधार हवा.

बघ, आलाच विषय.

निघताना तू तुझ्या त्या स्वप्नातलं बोलणं टिपणाऱ्या संघाचे नियम वाचून दाखवलेस. स्वप्नाचा अर्थ कुणी कुणाला विचारायचा नाही. कोण बोललं, काय बोललं, वाक्य कुठे तुटलं, एवढंच टिपायचं. हे मला मनापासून आवडलं. शकुन सांगणाऱ्यांच्या नादी लागली असतीस तर मी दारातच आडवा पडलो असतो. पण तिसरा नियम? झोपेत पापण्यांखाली डोळ्यांची भिरभिर, म्हणजे स्वप्नाची खूण, सुरू झाली की हलवून जागं करायचं आणि दिव्याखाली लिहायला बसवायचं! ही भिरभिर साधारण दर दीड तासानं येते, हे तूच मला शिकवलंस. 1953 मध्ये असेरिन्स्की आणि क्लाइटमन या झोपेच्या अभ्यासकांनी ती जगापुढे मांडली, हेही. मग डिमेंट या झोपेच्या अभ्यासकाचा 1960 चा प्रयोगही तुला माहीत असणारच. स्वप्न सुरू झालं की तो लोकांना उठवायचा. रात्रींमागून रात्री गेल्या तसं त्यांना जास्त जास्त वेळा उठवावं लागलं आणि नंतर निवांत झोपू दिल्यावर स्वप्नांचा वेळ वाढला. म्हणजे शरीर थकबाकी वसूल करतं. तुझ्या संघात ही वसुली कधी होते? दुपारी झोपू देतात का?

आईला हा परिच्छेद दाखवणार नाही.

मी हे पुस्तकातून बोलत नाही. रात्रपाळीची माझी वर्षं तू पाहिली आहेस. भाऊंचं काय झालं तेही पाहिलंस. झोप मोडणारा माणूस पहिले काही महिने आपण धडधाकट असल्याचंच सांगतो, आणि ते खरंच वाटत असतं त्याला. तू तशीच आहेस. ताप चढला तरी 'काही नाही' म्हणणारी. पुन्हा भाषण झालं, रागावू नकोस. आता शिकलेली मुलगी आहेस, तुझं तुला कळतं.

तू लहान असताना झोपेत बोलायचीस, हे नियम करणाऱ्यांना सांगितलंस का? एकदा मी पाळीवरून आलो, बूट काढत होतो, तर तू अंथरुणात ताठ उठून बसलेली, डोळे उघडे. म्हणालीस, "पायऱ्या मोजून ठेवा, परत द्यायच्यात." मी म्हटलं, "ठेवल्या." त्यावर तू विचारलंस, "ओल्या नाहीत ना?" मी नाही म्हटलं, आणि तू तशीच आडवी झालीस. सकाळी तुला काही आठवेना. मी मात्र ते कामाच्या डायरीच्या मागच्या पानावर लिहून ठेवलं. पुढेही लिहीत गेलो. ती पानं देऊ केली तेव्हा तू हसून म्हणालीस, दुसऱ्यानं ऐकलेलं संघ धरत नाही, ज्याचं स्वप्न त्यानंच सांगायचं. असू दे. नियम म्हणजे नियम. पण तुझे ते जर्मन मनोविकारतज्ज्ञ क्रेपेलिनसाहेब स्वप्नातली वाक्यं टिपत होते, 1906 मध्ये ती छापलीही, तेव्हा त्यांना कुठल्या संघानं परवानगी दिली होती? आणि ती बहुतेक त्यांची स्वतःचीच होती ना? त्यांना कोण हलवून उठवत होतं? हे तिथल्या वडीलधाऱ्यांना एकदा विचार. विचारताना आवाज चढवू नकोस, एवढंच.

तुझी निवड झाली ते मी कामावर सगळ्यांना सांगितलं. एकानं विचारलं, याचा उपयोग काय? मी त्याला 1975 ची गोष्ट ऐकवली: इंग्लंडमध्ये झोपलेल्या माणसानं स्वप्नातूनच डोळे डावीकडे-उजवीकडे फिरवून ठरलेली खूण केली आणि ती यंत्रानं कागदावर उतरवली. गडी गप्प झाला. उपयोग काय ते मलाही सांगता आलं नसतं, पण त्याला गप्प बसवल्याचा आनंद दिवसभर पुरला.

चष्म्याची जुनी जोडी बॅगेच्या बाहेरच्या कप्प्यात आहे. ताईचा फोन उचलत जा, तिला मी काही शिकवून पाठवत नाही. आणि उत्तरात तिथलं दिवसाचं वेळापत्रक लिहून पाठव, पूर्ण. 'बाबा, मी ठीक आहे' एवढंच लिहिलंस तर मी ते उत्तर धरणार नाही.

तुझा,
बाबा