किती आला ते छापता, कधी जाऊ शकतो ते पण छापा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या अर्थविषयक पानाची मी जुनी वाचक आहे. आधीच सांगते, पत्र जरा लांबलंय, कापायचंच असेल तर शेवट सोडून कुठूनही कापा.

परदेशी पैशाचा ओघ विक्रमी झाला, गंगाजळी (म्हणजे देशाचा परकीय चलनाचा साठा) वाढली, बँकांचं भांडवल नियमापेक्षा जास्त आहे, अशा बातम्या तुमच्याकडे येतच असतात, देश कुठलाही असो सूर तोच, की पैसा येतोय म्हणजे सगळं ठीक चाललंय. आकडे बरोबर असतात हो, त्याबद्दल काही म्हणणं नाही. पण पाहुणे किती आले एवढंच सांगायचं आणि मुक्कामाला आलेत की उभ्या उभ्या आलेत ते सांगायचंच नाही, असं काहीसं होतं ते वाचताना.

मी बँकेच्या ट्रेझरीत, म्हणजे बँकेच्या स्वतःच्या पैशाची ने-आण सांभाळणाऱ्या विभागात, बरीच वर्षं काढली. त्यातली काही वर्षं माझ्याकडे एक कंटाळवाणा तक्ता होता. एका बाजूला बँकेने द्यायचे पैसे, दुसऱ्या बाजूला बँकेला यायचे पैसे, आणि वर रकाने, उद्या, आठवड्यात, महिन्यात, तीन महिन्यांत, वर्षात, त्यापुढे. कर्जं बहुतेक शेवटच्या रकान्यांत जाऊन बसायची कारण घराचं किंवा कारखान्याचं कर्ज कोणी आठवड्यात फेडत नाही, आणि बचत खात्यातल्या ठेवी खरं तर सगळ्या पहिल्या रकान्यात टाकायला पाहिजेत कारण ते पैसे माणूस उद्या सकाळी काढू शकतो. पण तसं टाकलं तर कुठल्याच बँकेचा तक्ता जुळणार नाही, म्हणून मागचा अनुभव बघून ठरवायचं, एवढे टक्के हलतील, बाकीचे बसून राहतील. आमचे साहेब त्या टक्क्यांना 'आपली श्रद्धा' म्हणायचे आणि खाली सही करायचे.

हे झालं देशातल्या, स्वतःच्या चलनातल्या पैशाचं. तिथे श्रद्धा खोटी ठरली तरी मागे सेंट्रल बँक उभी असते, नोटा तिच्याच असतात. बाहेरून आलेल्या पैशाला ही सोय नाही, आणि तो पैसा नेमका याच तक्त्यातून आत येतो.

थायलंडचं उदाहरण जुनं झालं, पण मला त्याच्याइतकं स्वच्छ उदाहरण अजून मिळालेलं नाही. १९९३ मध्ये तिथे बँकांना परदेशातून कर्ज आणून देशात वाटायची खास सोय करून दिली. बाट (तिथलं चलन) डॉलरला साधारण २५ ला बांधलेला, वर्षानुवर्षं फारसा हललेला नाही, आणि डॉलरचं व्याज बाटच्या व्याजापेक्षा बरंच कमी, मग कोण सोडेल? बँका आणि फायनान्स कंपन्या बाहेरच्या बँकांकडून थोड्या मुदतीचं डॉलर कर्ज घ्यायच्या, मुदत संपली की रोलओव्हर, म्हणजे फेडायच्या ऐवजी तेच कर्ज पुढे ढकलायचं, परत संपली की परत रोलओव्हर, आणि इकडे ते पैसे जायचे इमारतींत न् जमिनींत. आता गंमत बघा. बँकेचं म्हणणं काय, तर आम्ही डॉलर घेतले आणि डॉलरच दिले, आमच्या वहीत चलनाचा धोका शून्य. कागदावर एकदम बरोबर! पण ज्या बिल्डरने ते डॉलर उचलले त्याला भाडं बाटमध्येच मिळत होतं. १०० डॉलर घेतले तेव्हा त्याच्या डोक्यावर २,५०० बाट होते, २ जुलै १९९७ ला बाट मोकळा सोडला आणि जानेवारी १९९८ मध्ये तो ५६ च्या आसपास पोचला, त्याच १०० डॉलरचे झाले ५,६०० बाट, आणि इमारती तोवर अर्ध्या रिकाम्या. बँकेने चलनाचा धोका कर्जदाराच्या गळ्यात बांधला होता, कर्जदार बुडाल्यावर तोच धोका बुडीत कर्ज होऊन बँकेच्या दारात परत आला. ५८ फायनान्स कंपन्यांचं काम थांबवलं, त्यातल्या ५६ पुन्हा उघडल्याच नाहीत.

गंगाजळीचं म्हणाल तर छापील आकडा शेवटपर्यंत बरा दिसत होता. पण बाट सावरताना सेंट्रल बँकेने त्यातले बहुतेक डॉलर फॉरवर्ड सौद्यांत, म्हणजे पुढच्या तारखेला द्यायच्या करारांत, आधीच द्यायचं कबूल केलेलं होतं, म्हणजे पासबुकात शिल्लक दिसतेय पण तेवढ्या रकमेचे पुढच्या तारखेचे चेक आधीच फाडून दिलेत! लोकांना हे कळलं ऑगस्टमध्ये, आयएमएफच्या (आंतरराष्ट्रीय नाणेनिधीच्या) पुढाकाराने १७.२ अब्ज डॉलरची मदत ठरली तेव्हा. त्याआधी कुठल्याही पेपरात गंगाजळीचा आकडा वाचून जो माणूस निश्चिंत झोपला असेल त्याची काय चूक होती सांगा.

म्हणून परदेशी पैसा हा एकच शब्द वापरणं मला पटत नाही. कोणी कारखाना टाकला तर तो कारखाना रातोरात विमानात घालून नेता येत नाही. कोणी शेअर घेतले आणि घाबरून विकले तर भाव पडतो, आणि पडलेल्या भावात विकून तोटा त्याचा तोच खातो, वर चलन पडलेलं असतं ते वेगळं. पण तीन महिन्यांच्या डॉलर कर्जाला असलं काही लागू नाही, ते पूर्ण परत मागता येतं, आणि जो आधी मागेल त्याला पूर्ण मिळतं, त्यामुळे शहाणा माणूस आधी मागतो, इतकं साधं आहे ते. हे तिन्ही आकडे एका बेरजेत घालून 'ओघ' म्हणायचं म्हणजे कमालच आहे.

आइसलँडने तर याची हद्द केली. देश जेमतेम तीन लाख लोकांचा, आणि तीन मोठ्या बँकांचा पसारा देशाच्या वार्षिक उत्पन्नाच्या साधारण नऊ-दहा पट, तोही बहुतांश परकीय चलनात. त्यातल्या एका बँकेने इंटरनेटवरून ब्रिटन आणि नेदरलँड्समधल्या लोकांच्या ठेवी गोळा केल्या, आइससेव्ह नावाने, व्याज चांगलं होतं म्हणून लोकांनी दिल्याही. ऑक्टोबर २००८ मध्ये तिन्ही बँका एका आठवड्याच्या आत गेल्या. आइसलँडची सेंट्रल बँक क्रोना हव्या तेवढ्या छापू शकत होती, पण मागणारे पाउंड आणि युरो मागत होते. अमेरिकेच्या फेडने (तिथल्या सेंट्रल बँकेने) त्या दिवसांत कितीतरी सेंट्रल बँकांना डॉलरच्या स्वॅप लाइन, म्हणजे स्वतःचं चलन ठेवून तात्पुरते डॉलर घ्यायची सोय, दिल्या, दक्षिण कोरियाला ३० अब्ज डॉलरची मिळाली, आइसलँडला नाही मिळाली. ऐन वेळी कोणाला दोर टाकायचा हे बुडणारा ठरवत नाही. नंतर त्यांनी पैसा बाहेर न्यायला बंदी घातली, तात्पुरती म्हणून, ती बहुतांशी उठली मार्च २०१७ मध्ये.

आता भांडवलाबद्दल, कारण तुमच्या पानावर मी कितीदा तरी वाचलंय की बँकेने अमुक टक्के भांडवल बाजूला काढून ठेवलंय. अहो बाजूला कुठे काढतात? भांडवल म्हणजे मालकांचा पैसा, तोही कर्जात आणि रोख्यांतच गुंतलेला असतो. त्याचा उपयोग एवढाच की तोटा झाला तर आधी तो जातो, ठेवीदाराचा नाही. उद्या सकाळी दारात रांग लागली तर देण्यासाठी रोख लागते किंवा लगेच विकता येईल असं काहीतरी लागतं, आणि ही वेगळी गोष्ट आहे. दोन्ही गोष्टी एकमेकींना ओढतात तो भाग वेगळा, लोक घाबरले की बँक रोखे घाईत विकते, घाईत विकले की तोटा, तोटा दिसला की लोक आणखी घाबरतात.

मार्च २०२३ चे ते दिवस आठवतायत का? मी तर निवृत्त असूनही रोज सकाळी उठून तेच बघत होते. अमेरिकेतल्या सिलिकॉन व्हॅली बँकेने स्वस्त व्याजाच्या काळात लांब मुदतीचे सरकारी आणि सरकारी पाठबळाचे रोखे घेतलेले, म्हणजे बुडण्याची भीती नसलेले, पण फेडने वर्षभरात व्याजदर शून्याजवळून साडेचारच्या वर नेले आणि जुन्या, कमी व्याजाच्या रोख्यांची किंमत उतरली. ९ मार्चला एका दिवसात ४२ अब्ज डॉलर काढले गेले, म्हणजे ठेवींचा साधारण चौथा हिस्सा, आणि दुसऱ्या दिवशी आणखी १०० अब्ज जायला रांगेत होते. बँकांच्या रोखतेचा जो बासेलचा (अनेक देशांच्या बँक-नियामकांनी मिळून ठरवलेला) नियम आहे तो ३० दिवसांच्या ताणाचा हिशोब धरतो. ३० दिवस! (त्या बँकेला तो नियम लागूच नव्हता, पण असता तरी एका दिवसात चौथा हिस्सा जाईल असं त्या हिशोबात कोणी धरलेलं नाही.) आमच्या साहेबांची श्रद्धा तेव्हाची होती जेव्हा पैसे काढायला माणसाला फॉर्म भरून उभं राहावं लागायचं, आता अंगठा लावला की झालं.

आणि क्रेडिट स्विसचं तर जास्त बोलकं आहे. बुधवारी १५ मार्चला स्वित्झर्लंडचे नियामक आणि सेंट्रल बँक यांनी मिळून जाहीर केलं की ही बँक भांडवल आणि रोखता दोन्हीचे नियम पाळतेय. ते खोटं बोलत होते असं मला वाटत नाही. रविवारी १९ मार्चला ती बँक ३ अब्ज फ्रँकला यूबीएस या दुसऱ्या मोठ्या स्विस बँकेला विकली गेली. त्याच सौद्यात १६ अब्ज फ्रँकचे एटी-वन रोखे (बँक अडचणीत आली तर बुडवता येतात असे) शून्य झाले, शेअरवाल्यांना थोडंफार मिळालं आणि रोखेवाल्यांना काहीच नाही, जगभरचे गुंतवणूकदार डोक्याला हात लावून बसले. त्या बँकेचे ठेवीदार कोण होते बघा, जगभरातले श्रीमंत लोक, ज्यांना पैसा एका देशातून दुसऱ्या देशात हलवायची सवय आहे आणि त्यासाठी माणसं पगारावर ठेवलेली आहेत. २०२२ च्या शेवटच्या तिमाहीतच ११० अब्ज फ्रँकहून जास्त ग्राहकांचा पैसा निघून गेला होता. एकूण समूहाचे टक्के तेव्हाही नियमापुरते भरत होते.

मग दारं बंद करा म्हणतेय का मी? नाही. दार बंद केलं तर बाहेरच्या पैशावर जे चांगलं उभं राहतं तेही राहणार नाही. पण थांबायचं ठरवून येणाऱ्याला सवलत आणि पळायच्या तयारीत येणाऱ्याला थोडा खर्च, हे करता येतं. चिलीने १९९१ ते १९९८ दरम्यान बाहेरून येणाऱ्या कर्जाचा काही हिस्सा, पुढे ३० टक्क्यांपर्यंत, वर्षभर बिनव्याजी सेंट्रल बँकेत ठेवायला लावला. त्याने एकूण ओघ फार अडला असं नाही, पळवाटा निघाल्याच, आणि छोट्या कंपन्यांना कर्ज महाग पडलं हेही खरं, पण पैशाची मुदत लांबली. दक्षिण कोरियाने २००८ मध्ये पोळल्यावर २०११ पासून बँकांच्या परकीय चलनातल्या देण्यांवर कर लावला, सुरुवातीला एका वर्षाच्या आतल्या कर्जाला ०.२ टक्के, पाच वर्षांच्या पुढच्याला ०.०२, म्हणजे जितकी मुदत लांब तितका कर कमी. मला हा उपाय आवडतो कारण त्यात कोणाला चोर म्हटलेलं नाही, फक्त घाईची किंमत लावलीय. आयएमएफचं सुद्धा मत बदललं, २०१२ मध्ये त्यांनी मान्य केलं की काही परिस्थितीत असे उपाय योग्य आहेत, २०२२ मध्ये तर संकट यायच्या आधीच करायलाही हरकत नाही इथपर्यंत आले.

सरकारांनी काय करायचं ते सरकारं बघतील. तुमच्याकडून मला फार थोडं हवंय. १९९७ नंतर एक ढोबळ नियम आला, की देशाची गंगाजळी निदान येत्या एका वर्षात फेडायच्या परकीय कर्जाएवढी तरी असावी. दोन्ही आकडे बहुतेक देश आता प्रसिद्ध करतात, एकाच कोष्टकात नसतात म्हणून शोधायला लागतात एवढंच. तेव्हा पुढच्या वेळी कुठल्याही देशाच्या गंगाजळीचा आकडा मोठ्या टाइपात छापाल, तेव्हा त्याच्या शेजारी वर्षभरात फेडायचं कर्ज किती तेही छापा. एक ओळ लागते. आणि फॉरवर्डमध्ये किती अडकलेत ते कळलं तर कंसात टाका, त्याला तर अर्धीच ओळ पुरेल.

आपली,
एक वाचक, ट्रेझरीतून निवृत्त