मंत्रीमहोदय, किकरीची फाइल परत आली

मा. मंत्रीमहोदय,
सप्रेम नमस्कार.

आमच्या केळापूर तालुक्यात येऊन आपण माइकवर म्हणालात, 'परधानांची किकरी आम्ही जपू, प्रस्ताव पाठवा.' किकरी म्हणजे गजानं वाजवायचं तंतुवाद्य. तिच्यावरच्या माहितीपटाचा प्रस्ताव पाठवला. परवा परत आला. शेरा : 'माहितीपटात परराज्य व परदेशाचा समावेश असल्याने विचार करता येत नाही.'

परराज्य म्हणजे काय, तर पैनगंगेपलीकडचं आदिलाबाद! साहेब, परधान गोंडांच्या कुळांच्या कथा गातात आणि ती कुळं नदीच्या दोन्ही अंगांना आहेत. पौष अमावास्येला केस्लापुरात मेश्राम कुळाची नागोबा जत्रा भरते, तिला इकडचेही गोंड जातात. म्हाताऱ्या किकरीवाल्याला काय सांगू, कथा नदीपर्यंतच गा?

परदेश म्हणजे हंगेरी. बेला बार्टोक हा संगीतकार १९०६ पासून फोनोग्राफ घेऊन खेडोपाडी फिरला. मेणाच्या नळकांड्यांवर शेतकऱ्यांची गाणी उतरवली. हंगेरियनच नाही, स्लोव्हाक आणि रोमानियनसुद्धा. तिथल्या देशभक्तांना ते झोंबलं. आपल्या खात्याचे पूर्वज कुठले, हे मला तेव्हा कळलं. आणि तिथं जायचे पैसे मी मागितलेच नव्हते. माहितीपटासाठी त्याच्या जुन्या ध्वनिमुद्रणांचे हक्क तेवढे घ्यायचे होते.

कापूस विकून कॅमेरा घेतला. बायकोची पोत गहाण आहे. सासऱ्यांनी बोलणं टाकलं. आई म्हणते, 'डवरणी सोडून हे कायचं सोंग लावलं बापा?' त्रुटी पूर्ण करायला एसटीनं नागपूर, मग मुंबई. मूळव्याध झाला तो वेगळाच. इकडे ज्यांच्यासाठी ही धडपड, त्या बाबांचा गज धरायचा हात थरथरू लागलाय. नातू डीजेवर जातो. डीजेवाला रोख देतो, त्याला मी काय बोलू?

पूर्वी गावागणिक किकरी होती म्हणतात, आता तालुक्यात पाच-सहा उरल्या असतील. आपल्याकडे खरा आकडा असेल तर छापा. ७०१ किलोमीटरच्या समृद्धी महामार्गाला पंचावन्न हजार कोटी लागले म्हणे, कोणी साठही सांगतं. मी साडेचार लाख मागितले, तर आडवी नदी आली!

१९५३ च्या नागपूर करारानं आम्हाला मुंबईच्या हवाली केलं, बदल्यात वर्षातून एक अधिवेशन. त्यात तुम्ही हुरडा खाता आणि आमचं निवेदन शिपाई घेतो. अनुशेष सिंचनाचा मोजता, गाण्याचा कोणी मोजला? सरकारी महोत्सवात विदर्भ म्हणजे दहा मिनिटांचं आदिवासी नृत्य. हारतुरे लांबले की कात्री त्यालाच. मानधन विचारलं की बँकेचा तपशील पुन्हा मागवतात.

शेरा मागे घ्या. नसेल जमत तर नदीपलीकडे कॅमेरा न्यायला मनाई करणाऱ्या शासन निर्णयाचा क्रमांक कळवा. हिवाळी अधिवेशनाला याल तेव्हा किकरीवाल्या बाबांना नागपूरला आणा असा निरोप धाडू नका, तुम्हीच या. आमच्या तालुक्याचं ठिकाण पांढरकवडा नागपूरहून दीडेकशे किलोमीटर आहे, रस्ता चारपदरी आहे. पुढे तो सरळ आदिलाबादलाच जातो, कोणाचीही परवानगी न घेता.

आपला,
केळापूर तालुक्यातला एक कापूसवाला