बर्लिनहून बाबांना: कचेऱ्यांनी चालवलेली हुकूमशाही

बर्लिन

तीर्थरूप बाबांस,
मुक्ताचा शिरसाष्टांग नमस्कार.

वि. वि. आम्ही इथे सगळे खुशाल आहोत. थंडी आता ओसरतेय. आईच्या गुडघ्याचं डॉक्टरांनी काय सांगितलं ते सविस्तर कळवा, फोनवर ती नुसतं "बरंय" म्हणते.

पत्र लिहायचं कारण ओंकार. परवा फोनवर तो मला म्हणाला, "आत्या, काहीही म्हण, हिटलरनं देशाला शिस्त लावली, बेकारी घालवली, रस्ते बांधले. पुढं चुकला, ते वेगळं." हे म्हणणारा तो एकटा नाही. आपल्याकडे स्टँडवरच्या पुस्तकांच्या गाड्यावर त्या माणसाचं आत्मचरित्र अजून विकायला असतं आणि कॉलेजची पोरं ते हौसेनं घेतात. फोनवर उत्तर दिलं असतं तर वाद झाला असता. तुम्ही उभा जन्म तहसील कचेरीत काढलात. मला जे सांगायचंय ते तुम्हाला पटकन उमगेल, आणि तुम्ही सांगितलंत तर तो ऐकेल. म्हणून हे सगळं तुम्हाला लिहितेय.

रस्त्यांचं आधी उरकते. फक्त मोटारींसाठी बांधलेला कोलोन ते बॉन रस्ता ६ ऑगस्ट १९३२ ला खुला झाला. उद्घाटन केलं कोलोनचे महापौर कोनराड आडेनाउअर यांनी. हिटलर चॅन्सेलर, म्हणजे सरकारचा प्रमुख, झाला ३० जानेवारी १९३३ ला. बेकारांचा आकडा तेव्हा साठ लाखांच्या घरात होता हे खरं, पण मंदीचा जोर तोवर ओसरायला लागला होता आणि कामं काढायच्या योजना आधीच्या सरकारांनी आखून ठेवल्या होत्या. त्यानंतर बेकारांची यादी लहान कशी झाली ते बघा. नव्या जोडप्यांना कर्ज मिळे, पण बाईनं नोकरी सोडली तर. ज्यूंना नोकऱ्यांतून काढलं, त्यांच्या जागा दुसऱ्यांना दिल्या. मार्च १९३५ पासून लष्करभरती सक्तीची झाली, म्हणजे तरुण मुलं यादीतून आपोआप गेली. उरलेल्यांना काम मिळालं ते मुख्यतः शस्त्रांच्या कारखान्यांत, आणि त्याचा पैसा उभा केला मेफो नावाच्या एका कागदी कंपनीच्या हुंड्यांवर. कंपनीचं भांडवल दहा लाख मार्क, हुंड्या निघाल्या बारा अब्जांच्या. सरकारी हिशेबात हे कर्ज दिसत नव्हतं. ते फेडायचं तर शेजाऱ्याचं घर लुटण्यावाचून मार्ग नव्हता, आणि तसंच झालं. युद्ध ही नंतर झालेली चूक नव्हती, त्या समृद्धीच्या पोटातच ते होतं.

आता शिस्त. बाबा, इथे राहायला येईपर्यंत माझ्याही डोळ्यांसमोर मशाली, मिरवणुका, हात वर केलेली गर्दी एवढंच होतं. इथल्या स्मारकांमध्ये फिरायला लागले आणि लक्षात आलं की काचेच्या पेट्यांत बहुतेक कागदच ठेवलेत. छापील फॉर्म, आवक क्रमांक, शिक्के, खाली सही. ही राजवट घोषणा देणाऱ्यांनी आणली, पण बारा वर्षं चालवली ती कचेऱ्यांनी.

सत्ता घेतली तीही कागदावर. नोव्हेंबर १९३२ च्या निवडणुकीत त्याच्या पक्षाला ३३ टक्के मतं होती, बहुमत नव्हतंच. म्हाताऱ्या राष्ट्राध्यक्ष हिंडेनबुर्गनं त्याला नेमलं. मंत्रिमंडळात त्याच्या पक्षाचे आणखी फक्त दोघे होते आणि बाकीच्या मुत्सद्द्यांना वाटत होतं की आपण याला मुठीत ठेवू. २७ फेब्रुवारीला संसदेची इमारत जळली. दुसऱ्याच दिवशी अध्यादेश निघाला: भाषण, सभा, वृत्तपत्रं, टपालाची गुप्तता, घराची झडती, अटक, सगळे हक्क तहकूब. तो अध्यादेश राजवट संपेपर्यंत मागे घेतला गेला नाही. ५ मार्चला पुन्हा निवडणूक झाली. पोलीस आणि गुंड हाताशी असूनही ४३.९ टक्केच मिळाले. मग २३ मार्चला संसदेनंच कायदा केला की यापुढे सरकार संसदेवाचून कायदे करील. संसद जळालेली, म्हणून बैठक क्रोल नावाच्या नाट्यगृहात भरली. गणवेशातली टोळकी आत उभी होती. कम्युनिस्ट सदस्यांना येऊच दिलं नव्हतं. बाजूनं ४४४, विरोधात ९४. ते सगळे ९४ सोशल डेमोक्रॅट. त्यांचे नेते ओटो वेल्स त्या गर्दीसमोर उभे राहून म्हणाले की आमचं स्वातंत्र्य आणि प्राण हिरावून घेता येतील, इज्जत नाही. ओंकारला धाडसी जर्मन माणूस हवा असेल तर हे नाव त्याला सांगा. १४ जुलैला दुसरा पक्ष काढणंच गुन्हा ठरलं. नेमणुकीपासून सहा महिनेही झाले नव्हते.

यानंतर कारकुनांचं राज्य सुरू झालं. ७ एप्रिल १९३३ चा कायदा सरकारी नोकरांबद्दल होता. ज्यू आणि राजकीयदृष्ट्या नकोसे नोकर काढायचे, त्यासाठी प्रत्येकाकडून प्रश्नावली भरून घ्यायची: आजी-आजोबा कोण, धर्म कोणता, दाखले जोडा. लाखो माणसं चर्चमधून आणि नोंदणी कचेरीतून जन्माचे, लग्नाचे उतारे आणत होती, आणि पाद्री, लिपिक ते मुकाट्यानं काढून देत होते. १९३५ चे न्युरेंबर्ग कायदे याच उताऱ्यांवर उभे राहिले. कोणाचे किती आजी-आजोबा ज्यू, यावर माणूस नागरिक की नुसता प्रजाजन, कोणाशी लग्न करू शकतो, हे ठरायला लागलं. त्या कायद्यांवर १९३६ साली जे भाष्य निघालं, त्याच्या लेखकांपैकी एक होता गृहखात्यातला अधिकारी हान्स ग्लोबके. हाच माणूस युद्धानंतर १९५३ ते १९६३ पश्चिम जर्मनीच्या चॅन्सेलरच्या कार्यालयाचा प्रमुख होता. आणि तो चॅन्सेलर कोण, तर ज्यांना नाझींनी महापौरपदावरून हाकललं तेच आडेनाउअर. हे वाचून मला झालेला संताप अजून गेलेला नाही.

ऑगस्ट १९३८ मध्ये नावांचा हुकूम निघाला. १ जानेवारी १९३९ पासून, ज्यांचं नाव सरकारी यादीतल्या ज्यू नावांत बसत नाही अशा प्रत्येक ज्यू पुरुषाला आपल्या नावापुढे 'इस्राएल' आणि बाईला 'सारा' लावायचं होतं. त्यांनी स्वतः कचेरीत जाऊन ते कळवायचं आणि लिपिकानं जन्मनोंदीच्या समासात शेरा मारायचा. युद्ध संपल्यावर त्याच समासात दुसरा शेरा आला: वरील शेरा रद्द. बाबा, तुम्ही सातबाऱ्यावरच्या फेरफाराच्या नोंदींवर किती जीव टाकायचात! समासातल्या त्या दोन शेऱ्यांच्या मधल्या काळात त्या माणसाचं काय झालं, हे त्या पानावर पुष्कळदा काहीच नसतं.

वेळीच निसटले त्यांतले काही मुंबईलाही पोचले. बर्लिनमध्ये संगीत शिकलेला वाल्टर काउफमान १९३४ साली मुंबईत आला. सकाळी तुम्ही चहा ठेवताना रेडिओवर लागायची ती आकाशवाणीची धून त्याच्याच नावे ओळखली जाते.

जे राहिले त्यांच्याबद्दल लिहिताना हात जड होतो, तरी लिहायलाच हवं. शहराच्या पश्चिमेला ग्रुनेवाल्ड नावाचं स्टेशन आहे, आजूबाजूला बंगले आणि रान. तिथला सतरा क्रमांकाचा फलाट आता स्मारक आहे. रुळांच्या कडेनं १८६ पोलादी पट्ट्या बसवल्यात. प्रत्येकीवर तारीख, माणसांची संख्या, आणि गाडी कुठून कुठे गेली ते. पहिली तारीख १८ ऑक्टोबर १९४१. त्या दिवशी हजाराहून जास्त माणसांना लेवेट्झोव्ह रस्त्यावरच्या प्रार्थनागृहातून भर पावसात, दिवसाढवळ्या, वस्तीतून चालवत इथे आणलं आणि पोलंडमधल्या वूच (लोझ) शहरातल्या गेट्टोत, म्हणजे ज्यूंना कोंडून ठेवलेल्या वस्तीत, पाठवलं.

त्याआधी या माणसांना सोळा पानी फॉर्म भरावा लागे. घरातल्या खुर्च्या किती, चादरी किती, चमचे किती, बँकेत काय, कोणाकडून येणं काय. खाली सही. त्यावरून कोर्टाचा बेलिफ सामानाची किंमत लावी आणि वित्त कचेरी ते विकी. नोव्हेंबर १९४१ मध्ये नियम झाला की जर्मनीच्या हद्दीबाहेर गेलेल्या ज्यूची मालमत्ता सरकारजमा, म्हणजे ज्या गाडीत त्यांना कोंबलं तीच त्यांच्या मिळकतीवर बोळा फिरवत होती. या फायली शिल्लक आहेत. त्यांत घरमालकांचे अर्ज आहेत की भाडेकरूला नेल्यामुळे दोन महिन्यांचं भाडं बुडालं, ते सरकारनं द्यावं. वीज कंपनीची थकलेली बिलं आहेत. रेल्वे खात्यानं या गाड्यांचं तिसऱ्या वर्गाचं भाडं लावलं, लहान मुलांना अर्धं तिकीट. कुणीतरी टेबलाशी बसून ते हिशेब जुळवत होतं, आणि संध्याकाळी घरी जाऊन आपल्या लेकरांबरोबर जेवत होतं.

सगळ्यात शेवटच्या पट्टीवर तारीख आहे २७ मार्च १९४५ आणि आकडा आहे अठरा. रशियन फौज तेव्हा ओडर नदीवर, बर्लिनपासून साताऱ्याहून कराड असेल जवळपास तेवढ्याच अंतरावर. शहर बॉम्बनं उद्ध्वस्त झालेलं. तरी अठरा माणसांची यादी झाली, टाइप झाली, सही झाली आणि गाडी सुटली. ओंकारला जी शिस्त आवडते ती ही. युरोपभरात साठ लाख ज्यू मारले गेले. रोमा लोक, सोव्हिएत युद्धकैदी, पोलंडमधले सामान्य लोक, यांचे आकडे वेगळे.

सामान्य माणूस काय करू शकत होता, असं तो विचारेल. मग त्याला लोथार क्राइसिग यांच्याबद्दल सांगा. बर्लिनजवळच्या ब्रांडेनबुर्ग गावात ते न्यायाधीश होते. ज्यांना आपला कारभार स्वतः पाहता येत नाही अशा मनोरुग्णांचं पालकत्व त्यांच्या कोर्टाकडे असे. १९४० मध्ये त्यांच्या टेबलावर या माणसांच्या मृत्यूची पत्रं यायला लागली, एकामागून एक. फाइल वाचणाऱ्या माणसाला आकडे बोलतात, तुम्हीच म्हणायचात. त्यांनी ओळखलं की रुग्णांना पद्धतशीर मारलं जातंय. कारभार बर्लिनच्या टिअरगार्टन रस्त्यावरच्या चार नंबरच्या बंगल्यातून चालत होता. ऑगस्ट १९४१ पर्यंत सत्तर हजारांवर रुग्णांना गॅसनं मारलं आणि घरच्यांना खोट्या आजाराचे दाखले पाठवले. क्राइसिगनी न्यायमंत्र्याला लेखी कळवलं की हा खून आहे. मोहिमेच्या प्रमुखावर, फिलिप बूलरवर, खुनाची फिर्याद दिली. आपल्या हद्दीतल्या रुग्णालयांना लेखी बजावलं की माझ्या परवानगीवाचून माझ्या पाल्याला हलवायचं नाही. मंत्र्यानं बोलावून हिटलरच्या सहीचं पत्र दाखवलं. पत्रानं कायदा होत नाही, हे त्यांचं म्हणणं कायम राहिलं. मंत्र्यानं सांगितलं की नेत्याची इच्छा हाच कायदा हे मान्य नसेल तर न्यायाधीश म्हणून राहता येणार नाही.

आणि मग त्यांना काय शिक्षा झाली? १९४२ मध्ये सक्तीनं निवृत्त केलं. पेन्शनसकट. ते आपल्या शेतावर गेले आणि तिथे त्यांनी दोन ज्यू बायकांना लपवून ठेवलं. १९८६ मध्ये वारले. देशभरातल्या न्यायाधीशांपैकी असा लेखी विरोध करणारे ते एकटेच म्हणून ओळखले जातात. बाकीच्यांकडेही तसाच कागद, तसंच पेन होतं.

दुष्काळी कामाच्या मस्टरवर खोटी नावं घालायला तुम्ही नकार दिलात आणि तुमची बदली पाटणला झाली, ती गोष्ट आई सांगायची. तुम्ही स्वतः कधी बोलला नाहीत. ओंकारला ती ठाऊक नसावी. सांगा त्याला.

विरोध करणाऱ्या सगळ्यांना पेन्शन मिळाली असं मात्र समजू नये. इथल्या, बर्लिनमधल्या प्लोट्झेनझे तुरुंगात २८०० वर माणसांना मारलं. कोणी पत्रकं वाटली होती, कोणी "युद्ध हरणार" एवढंच बोललं होतं. तिथे एक छापील बिल पाहिलं, कैद्याच्या घरच्यांना पाठवलेलं: तुरुंगातल्या प्रत्येक दिवसाचे दीड मार्क, फाशीच्या अंमलबजावणीचे तीनशे, आणि हे बिल पाठवायचं टपाल, बारा फेनिग. तेही वसूल. मी तिथून बाहेर आले तेव्हा बरोबरच्या जर्मन मैत्रिणीनं माझा हात धरला होता. तिच्या शाळेनं तिला लहानपणीच तिथे आणलं होतं. इथे शाळा मुलांना अशा जागी घेऊन जातात, हे मला या देशातलं सर्वांत चांगलं वाटतं.

ओंकारला पासपोर्ट काढायला लावा. पुढच्या उन्हाळ्यात त्याला इकडे बोलवायचं आम्ही दोघांनी ठरवलंय, तिकिटाचं आम्ही बघतो. त्याला फुटबॉलचं मैदान बघायचंय ते बघेल, पण ग्रुनेवाल्डला मी त्याला आधी नेणार आहे. त्यापूर्वी हे पत्र त्याला वाचायला द्या आणि तो काय म्हणतो ते लिहा. चिडला तरी लिहा.

आईला नमस्कार. दादा-वहिनींना नमस्कार सांगा. आंब्याचं कलम यंदा धरलंय का? बीपीच्या गोळ्या वेळेवर घ्या.

कळावे,
तुमची
मुक्ता