सभेला न आलेल्या आशा सेविकेकडून, गटप्रवर्तक ताईंना

आदरणीय ताई,

सप्रेम नमस्कार.

तुमच्या निरोपाच्या सभेला मी नव्हते. त्या दिवशी पहाटेच वरच्या वाडीतली बाळंतपणाची केस राजूरच्या दवाखान्यात न्यावी लागली. इकडे पीएचसीत, म्हणजे प्राथमिक आरोग्य केंद्रात, तुम्हाला नारळ, साडी दिली, फोटो झाले, तेव्हा मी तिकडे बाळंतिणीच्या सासूबरोबर बाकावर बसले होते. मुलगी झाली, दोन किलो नऊशे. तुम्हाला आधी हेच ऐकायचं असणार म्हणून आधी लिहिलं. माझ्या वाट्याचं चार शब्दांचं भाषण ओढ्यापलीकडच्या आशाताईंनी केलं. दुसऱ्या दिवशी त्यांच्या घरी जाऊन त्यांना भेटले. आता तुमचं राहिलं होतं, ते या पत्रात करते आहे.

पत्र मुद्दाम सगळ्यांना वाचता येईल असं लिहिते. महाराष्ट्रात आपण सुमारे ७० हजार आशा आहोत आणि प्रत्येकीची सभा कधी ना कधी केसपायी बुडते. सभा बुडाली की पुढे काय करायचं, आपल्या माणसांसमोर कसं जायचं, हे कुठल्याच प्रशिक्षणात आम्हाला शिकवलं नव्हतं. ते तुम्ही शिकवलंत. तुमचं नाव लिहीत नाही, तुम्हाला आवडणार नाही.

आपलं काम माहीत नसलेल्यांसाठी थोडं सांगते. आशा २००५ साली राष्ट्रीय ग्रामीण आरोग्य अभियानात आल्या. साधारण हजार लोकवस्तीमागे एक, आणि आमच्या डांगाणासारख्या आदिवासी भागात वाडी-पाडे पाहून. आमच्यावर, आमच्या कामाची देखरेख करणारी, गटप्रवर्तक असते. महिन्यातून एकदा पीएचसीत सभा होते. डॉक्टर, सिस्टर आणि सगळ्या आशा असतात. गरोदर मातांच्या याद्या, लसीकरणाची ड्यू लिस्ट (कोणाला लस द्यायची त्याची यादी), पुढच्या मोहिमेत कोणाला कुठली वाडी, मोबदल्याच्या फॉर्मवर सह्या, हे सगळं त्याच दिवशी होतं. हजर राहिलं की त्याचे पैसे मिळतात, तेव्हा दीडशे रुपये होते. न आलं तर ते जातातच, शिवाय फॉर्मवर सही राहिली तर बाकीचा मोबदलाही महिनाभर लांबतो.

कागदावर आम्ही स्वयंसेविका आहोत. नोकरदार माणसाला रजेचा अर्ज असतो, त्यावर कारण लिहिता येतं, साहेबांची सही होते आणि प्रकरण मिटतं. आम्हाला रजाच नाही, मग अर्ज कुठला? हजेरीच्या वहीत दोनच शब्द, हजर नाहीतर गैरहजर. ज्या कामासाठी आम्हाला नेमलं त्याच कामावर असलेली बाई आणि घरी झोपून राहिलेली बाई, दोघी त्या वहीत सारख्याच. मला हे नेहमी लागायचं. तुम्हालाही लागायचं, हे मला पुढे कळलं.

ती आवणीच्या, म्हणजे भातलावणीच्या, दिवसांतली सभा तुम्हाला आठवत असेल. आदल्या रात्री वाडीतल्या एका पोरीला कळा सुरू झाल्या. पाऊस थांबत नव्हता, गाडी वाडीपर्यंत येण्यासारखी नव्हती. चार गड्यांनी झोळी करून तिला डांबरी सडकेवर आणलं. उजाडता उजाडता बाळ झालं, पण तिला रक्तस्राव जास्त झाला आणि घरचं बाईमाणूस कोणी बरोबर नव्हतं, म्हणून मी संध्याकाळपर्यंत थांबले. मोबाईल रात्रीच बंद पडला होता. सभा कधीच आटोपली होती.

त्याच सभेत कुष्ठरोग आणि क्षयरोग शोधमोहिमेचं नियोजन ठरलं. कागद त्याच दिवशी तालुक्याला जायचा होता. मी नाही म्हटल्यावर माझ्याकडचे दोन पाडे ओढ्यापलीकडच्या आशाताईंच्या यादीत घातले गेले. स्वतःच्या वाड्या, शिवाय माझे पाडे, आणि मध्ये दुथडी भरलेला ओढा. त्यांचं शेतही तेव्हाच लावायचं होतं. पुढच्या लसीकरणाच्या दिवशी त्या माझ्याशी बोलल्या नाहीत.

मी रात्री ग्रुपवर लिहिलं होतं, ‘सॉरी, केस होती.’ आपण सगळ्याच असं लिहितो. खाली दोन-तीन अंगठे येतात आणि विषय संपला असं वाटतं.

मग तुम्ही घरी आलात, दोन्ही पाय गुडघ्यापर्यंत चिखलाने भरलेले. मी पाणी दिलं. तुम्ही पिशवीतून प्लॅस्टिकच्या कागदात गुंडाळलेली घडी काढलीत. सभेच्या नोंदींची कार्बनची प्रत होती ती. तुम्ही सभेत लिहायला बसताना वहीत नेहमी कार्बन घालून बसायच्या, हे आम्ही दर वेळी पाहत होतो, पण तो कशासाठी हे कधी विचारलं नव्हतं. निळसर, जरा फिक्या अक्षरात सगळं होतं. काय ठरलं, कोणत्या तारखेला काय द्यायचं, नवा फॉर्म कोणत्या बाजूने भरायचा. माझ्याशी संबंध असलेल्या ओळींसमोर समासात लाल पेनाने ‘तुझं’ लिहिलं होतं. आणि शेवटी, ‘तुझे दोन पाडे पलीकडच्या ताईंकडे गेले.’

मी म्हटलं, ‘ताई, केस होती हो.’

तुम्ही म्हणालात, ‘केस होती हे मला माहितीये, बाई वाचली हेही माहितीये. चांगलं काम केलंस. पण ते तुझं झालं. तिचं काय झालं, विचारलंस का?’

एवढंच बोललात. रागावला नाहीत, समजावत बसला नाहीत, चहा घेऊन पुढच्या वाडीला गेलात.

मी दुसऱ्या दिवशी पलीकडे गेले. त्या आवणीत वाकलेल्या होत्या. मी बांधावर चपला काढल्या आणि त्यांच्या शेजारी रोपं लावायला लागले. बराच वेळ दोघी गप्प. मग मी विचारलं, ‘माझ्या पाड्यांतली कुठली घरं झाली? राहिलेली मी करते, आणि तुमच्या वरच्या वाडीचीही करून देते.’ त्यांनी घरं सांगितली. राहिलेली सांगितली. आणि मग हळूच म्हणाल्या, त्या पाड्यावरच्या एका माणसाच्या पाठीवर चट्टा आहे, पेनाचं टोक लावलं तर त्याला कळत नाही, कुष्ठरोगाची खूण वाटते, पण तो यायला तयार नाही, तुझं ऐकेल. ही गोष्ट ग्रुपवरच्या ‘सॉरी’ला उत्तर म्हणून मला कधीच मिळाली नसती. त्या माणसाला मी आठवड्याच्या आत डॉक्टरांना दाखवलं. गोळ्या सुरू झाल्या, मोफत मिळतात त्या. आता तो बरा आहे आणि त्याला हे पत्र कोणी वाचून दाखवलं तरी ओळखू येणार नाही इतपतच लिहिते.

ताई, त्या दिवसापासून मी माफी अशीच मागते. आधी माझ्या न येण्याने कोणावर काय पडलं ते विचारायचं. मग त्यातलं मला काय उचलता येईल ते सांगायचं. कारण सांगायचंच तर सगळ्यात शेवटी, आणि समोरच्याने विचारलं तरच.

पुढच्या सभेतलं तर अजून डोळ्यांसमोर आहे. हजेरी वाचताना माझ्या नावापुढे मागच्या महिन्याचं ‘गैरहजर’ आलं आणि तुम्ही उभ्या राहिलात. ‘साहेब, ती गैरहजर नव्हती, केसवर होती. वहीत तसं लिहू या.’ डॉक्टर चांगले होते, पण म्हणाले, अशी पद्धत नाही, रकाना नाही. तुम्ही म्हणालात, ‘रकाना नसला तरी इतिवृत्तात ओळ लिहिता येते.’ आणि लिहून घेतलीत. तेव्हापासून आपल्या पीएचसीच्या इतिवृत्तात नाव, ‘केसवर’, कुठली वाडी, अशी ओळ येते. दीडशे रुपये मात्र मिळाले नाहीत. ते तुम्ही मला बाजूला घेऊन सांगितलंत, ‘पैशाचं माझ्या हातात नाही, खोटी आशा लावत नाही.’ मला त्या ओळीचं मोल पैशाहून जास्त वाटलं. तरी पैसेही मिळायला हवेत असं माझं ठाम मत आहे, आणि ते मी इथे उघड लिहिते. केसवर असलेल्या आशाचा सभेचा मोबदला कापला जाऊ नये. हे ठरवायला कोणाला फार विचार करावा लागेल असं मला वाटत नाही.

दुसऱ्या वेळी मी सभेला निघालेच होते. वाटेत एका बाळाचं घर होतं, सातव्या दिवसाची भेट करून पुढे जाऊ म्हणून वळले. बाळ दूध ओढत नव्हतं. झबलं वर करून घड्याळ लावलं आणि पूर्ण एक मिनिट श्वास मोजले. साठच्या वर गेले. परत मोजले, परत वर. साठ किंवा जास्त म्हणजे धोक्याची खूण, लगेच हलवायचं, हे तुम्ही आमच्याकडून इतक्या वेळा म्हणून घेतलं होतं की विचार करावा लागला नाही. या भेटी दवाखान्यात झालेल्या बाळाला तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या, एकविसाव्या, अठ्ठाविसाव्या आणि बेचाळिसाव्या दिवशी. तारखांची भीती वाटायची तेव्हा तुम्ही गडचिरोलीचं सांगायच्या. डॉ. राणी आणि डॉ. अभय बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेने तिथे गावातल्याच बायकांना नवजात बाळाची घरी काळजी घ्यायला शिकवलं, बाळांचे मृत्यू निम्म्याहून खाली आले, आणि १९९९ मध्ये ते ‘लॅन्सेट’ या डॉक्टरांच्या नियतकालिकात छापून आलं. ‘आपल्यासारख्याच बायांनी आधी करून दाखवलंय, मगच ते आपल्याकडे आलंय,’ असं म्हणायच्या.

या वेळी मात्र मला काय करायचं ते माहीत होतं. गाडीला फोन केला, लगेच दुसरा तुम्हाला. ‘ताई, बाळ घेऊन चालले. माझं रजिस्टर आणि फॉर्म दुधाच्या गाडीने पाठवते. पोलिओच्या बूथचं पलीकडच्या ताई माझ्या वतीने बोलतील, त्यांना सांगितलंय.’ मी सभेला नव्हते, पण माझा रिपोर्ट पोचला होता. कोणाच्या अंगावर माझं काम पडलं नाही. बाळ आठवड्याने घरी आलं. संध्याकाळी कार्बनची प्रत शाळेतल्या पोराच्या हाती माझ्या घरी आली होती आणि समासात ‘तुझं’ फक्त एका ओळीसमोर होतं.

आणखी एक सांगायचं आहे, जे निरोपाच्या भाषणात मी सांगणार होते. एकदा तुम्हीच सभेला आला नाहीत. तालुक्याला ऐनवेळी बोलावलं होतं. आम्ही सगळ्या दुपारपर्यंत बसून राहिलो, काही जणींची शेवटची एसटी गेली. पुढच्या सभेत तुम्ही सुरुवातीलाच उठून म्हणालात, ‘माझ्यामुळे तुमच्यातल्या कोणाकोणाची गाडी चुकली, ते मी विचारलंय.’ आणि नावं घेतलीत. जी तीन कोस चालत गेली तिचंही. तालुक्याने बोलावलं होतं हे एकदाही म्हणाला नाहीत. आमच्यावरचं माणूस आमची अशी माफी मागतं, हे आमच्यातल्या पुष्कळ जणींनी आयुष्यात पहिल्यांदा पाहिलं. घरी सुद्धा नसतं पाहिलं.

आणि हे सगळं तुम्ही कशावर केलंत? तुम्हा गटप्रवर्तकांचा मोबदला म्हणजे बराचसा प्रवासभत्ताच. त्यातच पेट्रोल, त्यातच घर. ते कार्बनचे कागदही तुम्ही स्वतःच्या पैशाने घ्यायच्या, मला राजूरच्या स्टेशनरीवाल्याने सांगितलं. २०२२ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने आशांचा गौरव केला, तेव्हा तुम्ही ती बातमी सभेत वाचून दाखवलीत आणि आम्ही टाळ्या वाजवल्या. तुमच्यासाठी टाळ्या वाजवायचं राहून गेलं. तुमचं नाव कुठल्या बातमीत नव्हतं आणि आम्हालाही त्या वेळी सुचलं नाही.

ताई, तुम्ही मला वाचवलंत ते पलीकडच्या ताईंशी कायमची अढी बसण्यापासून. आमच्या भागात दोन आशा एकमेकींशी बोलत नसल्या की त्याचं नुकसान तिसऱ्याच घराला होतं. आज त्या आणि मी केसवर एकमेकींचे पाडे सांभाळतो, विचारावंही लागत नाही. मनापासून आभार, ताई. फार मोठे आभार.

तुमच्या जागी अजून कोणी आलेलं नाही. तोवर सभेच्या नोंदी आम्ही तिघी पाळीपाळीने लिहितो. माझं अक्षर तुमच्यासारखं नाही, खालच्या प्रतीवर नीट उमटत नाही, म्हणून दाबून लिहिते. नवीन लागलेली एक मुलगी मागच्या सभेला नव्हती, तिची प्रत मी नेऊन दिली.

कपाटात तुमची जुनी वही सापडली, मूळ पानांची, पहिल्या वर्षापासूनची. नाशिकला पाठवून देऊ की इथेच ठेवू, ते कळवा. सिस्टरांचं आणि आम्हा सगळ्यांचं म्हणणं आहे की ती पीएचसीतच राहू द्यावी.

आपली,
ओढ्याअलीकडची आशा